मूकपट ‘द स्कार्लेट लेटर’ (१९२६) पुण्यात दाखवायचा आहे: वेग, पाट्या, संगीत आणि आशयावर चर्चा

काचपट्टी (धागाकर्ता)

एरंडवण्यातल्या एका वाचनगटासाठी हा मूकपट दाखवायचा बेत आहे. हॉल सपाट जमिनीचा, ६० खुर्च्यांचा. पडदा १२ फूट रुंद, प्रोजेक्टर १६:९. चित्राचा वेग आणि आकार, इंग्रजी पाट्यांचं (संवाद-निवेदनासाठी पडद्यावर मधेमधे येणारा मजकूर) मराठी, आणि संगीत अशा तीन बाबतींत जाणकारांची मतं हवी आहेत. चित्रपटाच्या आशयावरही बोलूया, कारण तो नीट समजला नाही तर बाकीचे निर्णय चुकतात.

ज्यांनी पाहिलेला नाही त्यांच्यासाठी: हॉलिवूडच्या एमजीएम स्टुडिओची निर्मिती, दिग्दर्शक स्वीडनचे व्हिक्टर शोस्ट्रम (अमेरिकेत त्यांचं नाव सीस्ट्रम असं छापलं जाई), पटकथा फ्रान्सिस मॅरियन, छायाचित्रण हेन्ड्रिक सार्टोव्ह. हेस्टरच्या भूमिकेत लिलियन गिश, धर्मोपदेशक डिम्सडेल म्हणजे लार्स हॅन्सन, हेस्टरचा नवरा हेन्री वॉल्थॉल. मूळ कादंबरी नॅथॅनिएल हॉथॉर्न यांची, १८५० सालची. कथा सतराव्या शतकातल्या बॉस्टनच्या प्युरिटन (कडक धर्माचरणाचा प्रोटेस्टंट पंथ) वस्तीत घडते. बेपत्ता नवऱ्याची बायको गावच्या उपदेशकाच्या प्रेमात पडते, मूल होतं, आणि छातीवर लाल ‘ए’ अक्षर (‘अ‍ॅडल्टरी’, म्हणजे व्यभिचार, याचं आद्याक्षर) शिवून तिला भर चौकात उभं केलं जातं. मुलाचा बाप कोण हे ती शेवटपर्यंत सांगत नाही. लांबी साधारण ९८ मिनिटं.

कादंबरी तुरुंगाच्या दारापासून सुरू होते, म्हणजे ‘गुन्हा’ आधीच होऊन गेलेला असतो. चित्रपट त्याच्या बराच आधी सुरू होतो. रविवारची सकाळ, चर्चची घंटा, हेस्टरचा पिंजऱ्यातला कॅनरी गायला लागतो. पक्षी पिंजऱ्यातून सुटतो, ती त्याच्यामागे रानात धावते, टोपी निसटते, केस मोकळे होतात. रविवारच्या पवित्र दिवशी धावली आणि खेळली म्हणून तिला खोड्यात अडकवतात. माझ्या मते सगळा चित्रपट या दहा-बारा मिनिटांत आहे. पुढे व्यभिचाराची शिक्षा देणारी माणसं आणि पक्ष्यामागे धावल्याची शिक्षा देणारी माणसं एकच, नियमांची पोथीही एकच. शोस्ट्रम आधी छोटी शिक्षा दाखवतो, म्हणून मोठी शिक्षा आली की आपण ‘गुन्हा किती मोठा’ हा हिशेब मांडतच नाही. पोथी कुठवर हात घालते एवढंच बघत राहतो.

---

रीळबदल

आधी वेग आणि आकार, कारण इथे चुकलं की बाकी सगळं फुकट.

३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम. १,००० फुटांचं रीळ सेकंदाला २४ फ्रेमने चालवलं तर ११ मिनिटं ७ सेकंद, २० ने १३ मिनिटं २० सेकंद, १६ ने १६ मिनिटं ४० सेकंद. म्हणजे त्याच चित्रपटाच्या दोन प्रतींच्या लांबीत वीस-पंचवीस मिनिटांचा फरक दिसला तर लगेच ‘कापलाय’ समजू नका, वेगळ्या वेगाने उतरवलेलाही असू शकतो. ‘मूकपट म्हणजे १६ फ्रेम’ हा समज १९१०च्या आसपासच्या चित्रांना ठीक आहे. १९२६ पर्यंत अमेरिकेतल्या मोठ्या स्टुडिओंचे चित्रपट मिनिटाला ९० फूट, म्हणजे २४ फ्रेमच्या आसपास दाखवले जाऊ लागले होते. ‘जुना आहे म्हणून हळू चालवा’ म्हणत हा १८ वर आणलात तर गिशचा अभिनय पाण्यात चालल्यासारखा दिसेल.

तुमच्या फाइलचा वेग तपासायला व्हीएलसी या प्लेअरमध्ये ‘ई’ ची कळ दाबत एकेक फ्रेम पुढे न्या. दर तिसरी फ्रेम दोनदा आली तर मूळ १८ च्या वेगाने उतरवून २४ ची फाइल केलेली आहे. दर पाचवी आली तर २०, दर अकरावी आली तर २२. एकही फ्रेम दुप्पट नसेल तर सरळ उतरवलेली. २५ फ्रेमची फाइल असेल तर ती २४ ची दामटलेली असू शकते. तेव्हा ९८ मिनिटांचा चित्रपट ९४ मिनिटांत संपतो आणि संगीताचं टिपण चार मिनिटांनी चुकतं. वेग बरोबर आहे का हे डोळ्यांनी ओळखायला चालणारी माणसं आणि वाऱ्याने हलणारं कापड बघा. चेहऱ्यांवरून ओळखू नका, अभिनयाची लय तेव्हाची वेगळीच होती.

प्रोजेक्टर किंवा टीव्हीमधली ‘मोशन स्मूदिंग’ आठवणीने बंद करा. ती दोन फ्रेमच्या मध्ये बनावट फ्रेम घुसवते, आणि मूकपटात पळणाऱ्या माणसाचे हातपाय विरघळल्यासारखे दिसतात.

आकार: मूकपटाची चौकट १.३३:१, म्हणजे ४:३. तुमचा पडदा १२ फूट रुंद म्हणजे १६:९ ला ६ फूट ९ इंच उंच. त्यात ४:३ चित्र ९ फूट रुंद बसेल, दोन्ही बाजूंना दीड-दीड फूट काळं राहील. ते तसंच राहू द्या. ‘पडदा भरत नाही’ म्हणून कोणीतरी रिमोटवर ‘वाइड’ दाबतं आणि सगळी बॉस्टनकर मंडळी आडवी फुगतात. ‘झूम’ केलं तर त्याहून वाईट, डोक्यावरच्या टोप्या आणि खालच्या पाट्या दोन्ही जातात.

---

ओवी_दळण

@रीळबदल, सहमत. एक शंका. काही प्रतींत चित्र डावीकडून कापलेलं वाटतं, माणूस मधोमध उभा असतो तरी डावीकडे सरकल्यासारखा दिसतो. असं का?

---

रीळबदल

बोलपट आले तेव्हा फिल्मच्या डाव्या बाजूची पट्टी आवाजाला दिली गेली. मूकपटाची निगेटिव्ह पूर्ण रुंदीची असते. ती ध्वनिपट्टीच्या मापाच्या यंत्रावर छापली किंवा स्कॅन केली की डावीकडचा भाग कायमचा जातो. प्रत निवडताना इंग्रजी पाटी बघा. अक्षरांच्या डावीकडचा समास उजव्यापेक्षा स्पष्टपणे कमी असेल तर ती प्रत घेऊ नका, दुसरी शोधा.

उजेडाचंही सांगून टाकतो. तुमचा पूर्ण पडदा ८१ चौरस फूट. चित्रपटगृहाच्या प्रमाणाने, म्हणजे चौरस फुटाला १६ ल्युमेन (उजेडाचं माप) धरले, तर पूर्ण अंधारात १,३०० ल्युमेन पुरतात. हल्लीचे प्रोजेक्टर खोक्यावर ३,००० च्या पुढचे आकडे लिहितात. ‘इको’ वर ठेवा, ‘डायनॅमिक’ वर अजिबात नको. जास्त उजेडात काळ्याचा राखाडी होतो, आणि या चित्रपटात प्युरिटनांचे काळे कपडे काळेच दिसले पाहिजेत.

---

चंद्रज्योत_निळी

मला काळ्या-पांढऱ्यातल्या लाल अक्षराबद्दल सांगायचंय, कारण चर्चेत हा प्रश्न हमखास येईल: लाल दिसतच नाही तर अक्षराचा परिणाम कसा होणार?

मूक काळात बहुतेक काम ऑर्थोक्रोमॅटिक फिल्मवर होई. ती निळ्या-हिरव्याला संवेदनशील, लालला जवळजवळ आंधळी. तिच्यावर लाल रंग काळा येतो आणि निळे डोळे पांढुरके. म्हणून नटांना ओठांना लाल रंग लावता येत नसे, तोंड काळं दिसायचं. १९२० च्या दशकाच्या मध्याला पॅनक्रोमॅटिक फिल्मही वापरात आली होती, ती लाल राखाडीत दाखवते. दोन्हींत निष्कर्ष तोच: पडद्यावर ‘लाल’ दिसत नाही, दिसतो तो उजेड-सावलीतला फरक. दिग्दर्शकाला अक्षर रंगाने उठवता येत नाही, ते त्याला हेस्टरच्या उभं राहण्यातून आणि लोकांच्या नजरांतून उठवावं लागतं. चौथऱ्यावरचा प्रसंग बघा, बघणाऱ्यांच्या तोंडांना किती जागा दिलीय. तिथे शिक्षा म्हणजे बघणं. म्हणूनच मी म्हणेन की कुठल्याही परिस्थितीत संगणकावर रंगवलेली प्रत दाखवू नका. अक्षर भडक लाल केलं की डोळा कापडावर खिळतो आणि गर्दी सुटते.

सार्टोव्ह हा मूळचा व्यक्तिचित्रं काढणारा छायाचित्रकार. गिशच्या चेहऱ्यासाठी त्याची मऊ भिंग ठरलेली होती. त्यामुळे तिच्या जवळच्या शॉटमध्ये कडा मऊ दिसल्या तर प्रोजेक्टरचा फोकस फिरवत बसू नका. फोकस नेहमी पाटीच्या अक्षरांवर लावा आणि मग हात लावू नका.

---

गंजपेठ_वाचक

इथे पुण्यातल्या प्रेक्षकांना काय जवळचं वाटेल याचा विचार करतोय.

आपल्या गावात या विषयाचा इतिहास मोठा आहे. १८६३ साली जोतिराव आणि सावित्रीबाईंनी बालहत्या प्रतिबंधक गृह काढलं, विधवांनी गुपचूप येऊन बाळंत व्हावं म्हणून. तिथे आलेल्या काशीबाईंचा मुलगा यशवंत त्यांनी दत्तक घेतला. सुरतेच्या एका विधवेवर बालहत्येचा खटला चालला, त्यावर वर्तमानपत्रांनी बायकांनाच झोडपलं, तेव्हा ताराबाई शिंद्यांनी ‘स्त्रीपुरुषतुलना’ लिहिलं. ते १८८२ मध्ये पुण्यातच छापलं गेलं. आणि १८९० चं पंचहौद मिशनचं चहा प्रकरण: मिशनमध्ये चहा-बिस्किटं घेतली म्हणून टिळक-रानड्यांसारख्यांवर ग्रामण्य (जातीबहिष्कार) आणि प्रायश्चित्ताचा वाद.

हे शेजारी ठेवलं की एक गोष्ट दिसते. बॉस्टनमध्ये शिक्षेचं हत्यार म्हणजे जाहीर करणं. पुण्यात बाईवर जी वेळ येई तिच्यातून सुटकेचं साधन गुप्तता होती, म्हणून फुल्यांनी नाव न विचारता आसरा दिला. पण दोन्हीकडे पुरुषाचं नाव झाकलेलंच राहतं. इथे समाज झाकतो, तिथे हेस्टर स्वतः झाकते. तिचं गप्प राहणं ही तिने निवडलेली गोष्ट आहे, आणि तिच्या त्या निवडीवर डिम्सडेलची सगळी प्रतिष्ठा उभी आहे. चौथऱ्यासमोर उभं राहून ‘बापाचं नाव सांग’ असं तिला विचारायची जबाबदारीही त्याच्यावरच येते. ताराबाईंनी मांडलेला मुद्दा याहून चांगल्या चित्रात सापडणं कठीण.

---

ओवी_दळण

@गंजपेठ_वाचक, मुद्दा पटला, पण माझा चित्रपटाबद्दल एक आक्षेप आहे. कादंबरीतली हेस्टर विचार करते. वर्षानुवर्षं एकटी राहून ती धर्म, लग्न, बाईची जागा या सगळ्यावर स्वतःचं मत बनवते. चित्रपटातली हेस्टर आधी निरागस मुलगी, मग सोसणारी आई. नवरा वर्षानुवर्षं बेपत्ता, लग्न वडिलांनी लादलेलं, असं सगळं रचून तिला आधीच निर्दोष ठरवलंय. निर्दोष बाईला शिक्षा झाली की आपल्याला वाईट वाटतं, पण स्वातंत्र्याचा प्रश्न त्यात बारीक होतो. ‘तिचा नवरा घरीच असता तर?’ हे चित्रपट विचारत नाही.

---

चंद्रज्योत_निळी

आक्षेप रास्त आहे, पण चित्रपट का मऊ झाला त्याची पार्श्वभूमी हवी. ही कादंबरी चर्चच्या संघटनांच्या विरोधामुळे पडद्यावर आणता येणार नाही, असं एमजीएमचे प्रमुख लुई मेयर यांनी गिशला सांगितलं होतं. तिने स्वतः चर्चच्या आणि महिलांच्या संघटनांना पत्रं लिहिली, चित्राची जबाबदारी अंगावर घेतली, तेव्हा विरोध मागे घेतला गेला. दिग्दर्शकही तिनेच निवडला. प्युरिटन मन अमेरिकनांपेक्षा स्वीडिश माणसाला जास्त कळेल असं तिचं म्हणणं होतं. हॅन्सन तिला एका स्वीडिश चित्रपटात दिसला, म्हणून त्याला बोलावलं. सेटवर तो स्वीडिशमध्ये बोले, ती इंग्रजीत, मूकपटात ते चालून जाई. धार्मिक संघटनांच्या परवानगीने केलेलं धर्मसत्तेवरचं चित्र आहे हे. तडजोड पटकथेत दिसते, दृश्यात मात्र ती नाही. धुण्याचा प्रसंग घ्या. हेस्टर आतलं कापड पाठीमागे लपवते आणि डिम्सडेल ते बघायला मागतो. एवढ्याशा कृतीत लाज, कुतूहल, नियम सगळं येतं, पाटी न वाचताही कळतं.

आणि शेवट कादंबरीपेक्षा रोखठोक आहे. डिम्सडेलच्या छातीवर खरंच काही होतं का, हे हॉथॉर्न मोघम ठेवतो. चित्रपटात तो चौथऱ्यावर चढून सगळ्यांसमोर छाती उघडी करतो आणि तिथे ‘ए’ डागलेला दिसतो.

---

गंजपेठ_वाचक

इतिहासातलं एक जोडतो, प्रास्ताविकात उपयोगी पडेल. अक्षर शिवायची शिक्षा लेखकाच्या डोक्यातून आलेली नाही. प्लिमथ वसाहतीच्या १६५८ च्या कायद्यात व्यभिचारासाठी फटके आणि वरच्या कपड्यावर ‘एडी’ ही दोन कापडी अक्षरं शिवून घालण्याची तरतूद होती. मॅसॅच्युसेट्सच्या १६४१ च्या संहितेत तर मृत्युदंड होता, आणि १६४४ मध्ये एका बाईला आणि एका पुरुषाला तो प्रत्यक्ष दिलाही गेला. हॉथॉर्नचे पूर्वज जॉन हॅथॉर्न हे १६९२ च्या सेलम चेटूक खटल्यांतले न्यायाधीश. मात्र प्रास्ताविक सात-आठ मिनिटांत संपवा आणि शेवट सांगू नका.

---

अक्षरजुळारी

मराठी पाट्यांसाठी दोन रस्ते. इंग्रजी पाटीखाली मराठी उपशीर्षक, किंवा इंग्रजी पाटी काढून त्या जागी मराठी पाटी. मूक काळात चित्रपट दुसऱ्या देशात गेला की तिथल्या भाषेच्या पाट्या जोडत, त्यामुळे दुसरा रस्ता परंपरेला धरूनच आहे. जुन्या प्रतींत कधी कधी पाटीच्या दोन-चारच फ्रेम सापडतात, त्या लांबवूनच पुन्हा पूर्ण पाटी बनवतात. पण तुम्हाला वेळ कमी असेल तर पहिलाच रस्ता घ्या. पाटी बदलताना तिची लांबी एका सेकंदाने जरी हलली, तरी पन्नास पाट्यांनंतर संगीत जवळजवळ मिनिटभर मागे-पुढे होतं.

वाचायला किती वेळ लागतो? माझा हिशेब शब्दामागे अर्धा सेकंद आणि वर दोन सेकंद. बारा शब्दांना आठ सेकंद. पाटी पाच सेकंदच टिकत असेल तर सहा शब्दांत बसवा. इंग्रजीतला प्रत्येक शब्द आणायचा अट्टाहास नको. एका ओळीत ३५-४० अक्षरं, जास्तीत जास्त दोन ओळी. उपशीर्षक पाटीच्या आधी कधीच उमटू देऊ नका. माणसाचे ओठ हलताना उत्तर कळलं की प्रसंग मेला.

उपशीर्षकांची फाइल एसआरटी प्रकारात, यूटीएफ-८ या अक्षर-संकेतात जतन करा, नाहीतर देवनागरीच्या जागी चौकोन दिसतील. दुसरी हमखास अडचण जोडाक्षरांची. काही प्लेअर ‘डिम्सडेल’ चा म आणि स सुटे पाडून हलन्त दाखवतात, वेलांटी भलत्या अक्षराला लावतात. त्यामुळे ऐनवेळी प्लेअरवर विसंबू नका, उपशीर्षकं चित्रावरच कायमची उमटवून नवी फाइल बनवा. टंक ‘मुक्ता’ किंवा ‘नोटो सॅन्स देवनागरी’, जाड वळणाचा, पांढरा, बारीक काळ्या कडेचा. बारीक वळणाच्या टंकातले रफार आणि अनुस्वार मागच्या रांगेतून दिसत नाहीत.

सपाट हॉल म्हणालात म्हणून: पडद्याची खालची कड जमिनीपासून किमान चार ते साडेचार फुटांवर हवी. बसलेल्या माणसाचं डोकं चार फुटांवर येतं, त्याखाली गेलेली ओळ पहिल्या दोन रांगाच वाचतील. खुर्च्या एकाआड एक सरकवून मांडा.

---

मधला_सूर

संगीतावर. फाइलसोबत आलेला साउंडट्रॅक वापरण्यापूर्वी हक्क बघा. चित्रपट अमेरिकेत १ जानेवारी २०२२ पासून मुक्त झाला, पण त्यावर नव्याने केलेल्या संगीताचे हक्क वेगळे असतात. आणि जाहीर, तिकीट लावून खेळ करायचा असेल तर सेन्सॉर प्रमाणपत्राचा प्रश्न येतो. वाचनगटाच्या सभासदांपुरता ठेवा.

माझी शिफारस जिवंत साथीची. पुण्याला हे नवं नाही, आर्यन या जुन्या चित्रपटगृहाच्या काळात पेटी-तबल्याच्या साथीवरच मूकपट चालत. तीन माणसं पुरतात: व्हायोलिन, पेटी, तालाला पखवाज. तबल्यापेक्षा पखवाज अशासाठी की तबल्याची लग्गी सुरू झाली की पाय हलायला लागतात. स्वर एकच ठेवा, काळी दोन किंवा पांढरी चार, ९८ मिनिटांत पुन्हा जुळवायला वेळ मिळत नाही. चित्रपटाचे बारा-चौदा तुकडे पाडा, प्रत्येकी सहा ते आठ मिनिटं, आणि कागदावर तुकडा संपण्याची खूण घड्याळाच्या वेळेने न लिहिता दृश्याने लिहा: ‘ती चौथऱ्यावर पहिली पायरी चढते’. फाइल अडखळली तरी वादक हरवत नाहीत.

सर्वांत महत्त्वाचं: चर्चच्या प्रसंगांत वाद्य नको. प्युरिटन लोक उपासनेत वाद्यं मानत नसत, स्तोत्रं नुसत्या गळ्याने म्हणत. तिथे फक्त तंबोरा किंवा पूर्ण शांतता. त्यामुळे पक्षी उडाल्यावर व्हायोलिन सुरू झालं की स्वातंत्र्याचा आवाज वेगळा सांगावाच लागत नाही. त्या धावण्याला पहाडी किंवा देस चालेल. पक्ष्याच्या प्रत्येक फडफडीला बासरीची शिट्टी वाजवू नका, लोक हसतील आणि खोड्याच्या प्रसंगापर्यंत ते हसणं टिकेल. चौथऱ्याला करुण रागाचा मोह आवरा. पखवाजावर दबक्या हाताने विलंबित ठेका आणि वर एकच लांब सूर पुरे. गिश रडत असताना व्हायोलिननेही रडू नये.

---

काचपट्टी

सगळ्यांचे मनापासून आभार. एकच प्रश्न राहिला. कार्ल डेन या नटाचे विनोदी प्रसंग काढून चित्रपट ८० मिनिटांत आणावा, असं गटातल्या काहींचं म्हणणं आहे.

---

ओवी_दळण

माझा आक्षेप वर आहेच, तरी हे करू नका. ज्या प्रसंगात प्रेमी जोडपं घरच्यांच्या समोर बसून लांब नळीतून एकमेकांशी कुजबुजतं, तो हसवतो खरा, पण सगळ्या चित्रपटाचा विषय तोच आहे. दोन माणसांच्या बोलण्यात बसलेलं गाव. हेस्टर-डिम्सडेलला ती नळीही मिळत नाही.

---

रीळबदल

कापू नका, मध्यंतर घ्या. साधारण पन्नासाव्या मिनिटाच्या आसपास, प्रसंग संपल्यावर काळोख होतो तिथेच थांबवा, पाटीच्या मध्ये नको. तेवढ्यात वादकही पाणी पितील. वादकांच्या दिव्यांना वरून झाकण घाला, उजेड पडद्यावर पोचता कामा नये. आणि आदल्या दिवशी त्याच हॉलमध्ये, त्याच लॅपटॉपवर, त्याच केबलने पूर्ण ९८ मिनिटं चालवून बघा. लॅपटॉपची झोपायची वेळ, स्क्रीनसेव्हर आणि अपडेटच्या सूचना बंद करा. फाइलची दुसरी प्रत पेनड्राइव्हवर आणि दुसऱ्या लॅपटॉपवर तयार ठेवा.